कोटी पडते कुठे? शब्द एकदाच वापरा, अर्थ दोघांत वाटून द्या

प्रश्न थोडक्यात असा. ऑफिसातल्या निरोप समारंभात किंवा स्नेहसंमेलनात निवेदनाची जबाबदारी अंगावर येते. शब्दांवरच्या कोट्या भराभर सुचतात, पण बोलल्यावर लोक हसण्याऐवजी 'आवरा' म्हणतात. नमुना म्हणून एक वाक्यही दिलं आहे: "साहेबांनी आम्हा सगळ्यांना मान दिला, म्हणूनच आता त्यांची मान दुखते." हे का पडलं? आणि त्याला जोडून दुसरा प्रश्न, की द्व्यर्थी विनोद आणि अश्लील विनोद यांच्यातली रेघ कुठे मारायची?

प्रहसनं लिहिणं आणि कार्यक्रमांचं निवेदन करणं हाच माझा पोटापाण्याचा धंदा आहे, त्यामुळे उत्तर जरा लांबेल.

आधी ते वाक्य घेऊ. 'मान' हा शब्द निवडला यात काहीच चूक नाही. चूक मांडणीत आहे, आणि ती तीन ठिकाणी आहे. शब्द दोनदा आला. दोन्ही वेळा क्रियापदानं त्याचा अर्थ ठणकावून सांगितला: 'दिला' म्हणजे आदर, 'दुखते' म्हणजे गळ्यामागचा अवयव. आणि सगळ्यात मोठी गोष्ट, या वाक्यात कुणाचाच गैरसमज होत नाही. ऐकणारा एक क्षणही चुकीच्या अर्थात राहत नाही. बोलणाऱ्याला दोन अर्थ माहीत आहेत एवढीच बातमी त्याला मिळते. मग तो 'आवरा' म्हणणार नाही तर काय करेल?

माझा धंद्यातला पहिला नियम हा आहे की प्रत्येक अर्थाला एक मालक हवा. एक माणूस शब्द एका अर्थानं बोलतो, दुसरा तोच शब्द दुसऱ्या अर्थानं घेतो, आणि दोघंही आपापल्या जागी बरोबर असतात. एकट्यानं दोन्ही अर्थ दोन हातांत धरून दाखवले की ती कसरत होते, विनोद होत नाही.

हे काही माझं संशोधन नव्हे. संस्कृत साहित्यशास्त्रात यासाठी स्वतंत्र अलंकारच आहे, वक्रोक्ती. अकराव्या शतकाच्या आसपास मम्मटानं शब्दालंकारांची यादी केली तेव्हा पहिल्या जागी वक्रोक्तीला बसवलं. एकानं एका अर्थानं म्हटलेलं वाक्य दुसऱ्यानं वेगळ्या अर्थानं घ्यायचं, मग ते श्लेषामुळे, म्हणजे एका शब्दाच्या दोन अर्थांमुळे, असो किंवा काकूमुळे, म्हणजे आवाजाच्या हेलामुळे. म्हणजे व्याख्येतच दोन माणसं आहेत. शाळेत आपण श्लेष शिकतो, 'मित्राच्या उदयाने कोणास आनंद होत नाही' हे उदाहरण पाठ करतो आणि वक्रोक्तीकडे बघत नाही. विनोद लिहिणाऱ्यानं नेमकं उलट करायला हवं.

श्लेषवक्रोक्तीचा सगळ्यात सुंदर नमुना एका जुन्या सुभाषितात आहे. शंकर घरी आलेत, दार बंद आहे, पार्वती आतून विचारते, कोण? शंकर म्हणतात, 'शूली', म्हणजे त्रिशूळ धरणारा. पार्वती म्हणते, शूळ उठलाय? मग वैद्य शोधा. अगं प्रिये, मी नीलकंठ. नीलकंठ म्हणजे मोरही, तेव्हा ती म्हणते, मग एकदा केका, म्हणजे मोराची हाक, करून दाखवा. मी पशुपती. शिंगं तर दिसत नाहीत. मुग्धे, मी स्थाणू. स्थाणू म्हणजे शंकर आणि स्थाणू म्हणजे झाडाचा खुंट, म्हणून उत्तर येतं की झाड काही बोलत नाही. शेवटी शंकर म्हणतात, शिवेचा जीवितेश. 'शिवा' म्हणजे पार्वती, पण 'शिवा' म्हणजे कोल्हीणही. मग रानात जा, म्हणते. आणि असा ज्याचा शब्दच खुंटला तो चंद्रचूड तुमचं रक्षण करो, असा आशीर्वाद देऊन श्लोक संपतो.

यात पाच कोट्या आहेत आणि एकीलाही कुणी 'पांचट' म्हणणार नाही. कारण बाई रागावल्या आहेत. ओळखलंय, तरी दार उघडायचं नाही. शब्दांचा चुकीचा अर्थ घेणं हे तिचं हत्यार आहे. तिकडे शंकर प्रत्येक वेळी नवी, आधीपेक्षा भारदस्त पदवी सांगतात आणि प्रत्येक पदवीबरोबर आणखी गोत्यात येतात. कोट्या काढून टाकल्या तरी तिथे एक भांडण शिल्लक राहतं. हीच कसोटी तुमच्या कोटीला लावून बघा. शब्दखेळ काढून घेतल्यावर खाली प्रसंग उरतो का? साहेबांच्या मानेखाली काहीच नव्हतं.

आपल्या तमाशातली बतावणी याच तत्त्वावर चालते. एक जण शहाणा, पुस्तकी बोलणारा. दुसरा सोंगाड्या, शब्दाला शब्द लावून सरळ अर्थ घेणारा. शहाण्यानं अलंकारिक बोलावं आणि सोंगाड्यानं ते अक्षरशः घ्यावं. सोंगाड्या मूर्ख नसतो हे प्रेक्षकाला पहिल्यापासून माहीत असतं, आणि फजिती नेहमी शहाण्याची होते. गण, गवळण, बतावणी, वग या क्रमात बतावणीला कथानक लागत नाही याचं कारण हेच. दोन माणसांच्या दोन अर्थांत पुरेसं नाट्य असतं.

नल-दमयंतीच्या आख्यानातला प्रसिद्ध तुकडा घ्या. नलराजाच्या ध्यासानं दमयंती मूर्च्छित झाली आहे, शीतोपचारांनी शुद्धीवर येते आणि म्हणते, 'औषध नलगे मजला'. आई ऐकते, 'न लगे', औषध नको, आणि 'बरें' म्हणून मान डोलावते. पोरगी म्हणालेली असते, 'नल गे', माझं औषध नल आहे गं. शब्द वेगळ्या जागी तोडल्यानं अर्थ बदलतो, म्हणून पाठ्यपुस्तक याला सभंग श्लेष म्हणतं आणि तिथेच थांबतं. मला त्यातली आई महत्त्वाची वाटते. ती 'बरें' म्हणाली नसती तर हा नुसता शब्दखेळ उरला असता. तिनं होकार दिल्यामुळे मुलीला जे सांगायचं होतं ते सांगून झालं आणि कळायचं त्यालाच कळलं. पुन्हा दोन अर्थ, दोन मालक.

याउलट आपल्या नाटकांत एक काळ असा होता की कोटी हेच भूषण. श्रीपाद कृष्ण कोल्हटकर आणि त्यांना गुरू मानणारे गडकरी यांच्या नाटकांत काही पात्रं एकमेकांशी बोलतात कमी आणि कोट्या जास्त करतात. बुद्धी थक्क करणारी आहे, पण सगळी बुद्धी लेखकाची. पात्राला त्या कोटीची गरज नसते. आज ते प्रवेश वाचताना आपण दाद देतो, हसत मात्र नाही. गडकऱ्यांना माणूस सापडला, म्हणजे 'एकच प्याला'तल्या तळीरामासारखा स्वतःच्या तर्कटावर खरंच विश्वास असलेला, की तोच शब्दखेळ जिवंत होतो.

आता एक विनोद मांडणीच्या टेबलावर घेऊ. कच्चा माल जुनाच आहे, 'केस'. डोक्यावरचा आणि कोर्टातली.

पहिला खर्डा: "वकीलसाहेबांच्या डोक्यावरही केस नाहीत आणि हातातही केस नाही." हा तुमच्या मानेचा सख्खा भाऊ. दोन्ही पारडी समान, सांगणारा हुशार, बाकी सगळे मुके.

दुसरा खर्डा: सलूनवाला म्हणतो, "तुमच्याकडे केस नाहीत." वकील म्हणतात, "हो ना, सध्या मंदीच आहे." दोन माणसं आली, पण गैरसमज पटत नाही. सलूनच्या खुर्चीत बसलेल्या माणसाला समोर आरसा असताना 'केस' म्हटल्यावर कोर्ट कशाला आठवेल? शिवाय गिऱ्हाईकाला तोंडावर 'केस नाहीत' म्हणणारा सलूनवाला दुकान चालवू शकत नाही.

म्हणून गैरसमज दुसऱ्याकडे द्यायचा. सलूनमध्ये 'केस' हा शब्द चुकीच्या अर्थानं घेण्याचा हक्क सलूनवाल्याचा. तिसरा खर्डा:

टक्कल पडलेले एक वकील भर दुपारी सलूनमध्ये येऊन पेपर वाचत बसतात.
"काय साहेब, आज कोर्टात नाही?"
"एकही केस नाही हो."
सलूनवाला वर बघतो. "मग इकडे काय काम काढलंत?"

काय बदललं ते बघा. 'केस' एकदाच आला. 'एकही केस नाही' हे एकवचन मुद्दाम आहे; 'केस नाहीत' म्हटलं असतं तर डोक्यावरचाच अर्थ पक्का झाला असता, 'केस उरली नाही' म्हटलं असतं तर कोर्टातलाच. 'एकही केस नाही' दोन्हीकडे चालतं. सलूनवाला केसांचं नावही काढत नाही, ते काम 'इकडे' हा शब्द करतो. आणि टक्कल पहिल्याच वाक्यात येऊन गेलं, पण लगेच त्यावर दुपार, पेपर, कोर्ट असं काहीबाही टाकून झाकलं. टक्कल शेवटून दुसऱ्या वाक्यात आलं असतं तर श्रोत्यांना आधीच वास लागला असता. विनोद जगावेगळा नाही, पण तो पडत नाही. निवेदकाला तेवढं पुरतं.

व्हिक्टर रस्किन या भाषाशास्त्रज्ञानं १९८५ साली विनोदाचा जो सिद्धांत मांडला त्याचा गाभा असा आहे: एकच मजकूर दोन वेगवेगळ्या प्रसंगचित्रांशी जुळला पाहिजे आणि ती दोन चित्रं एकमेकांच्या विरोधात असली पाहिजेत. कोटीबाज लोक पहिली अट पाळतात आणि दुसरी विसरतात. कोर्ट आणि सलून यांच्यात विरोध आहे, कारण एकीकडे 'नसणं' म्हणजे मोकळा वेळ आणि दुसरीकडे 'नसणं' म्हणजे यायचं कारणच नाही. आदर आणि मानदुखी यांच्यात तसलं काही नाही, नुसता आवाज सारखा आहे.

आता मराठीचा खास भाग. इथे बहुतेकांचा घात होतो, कारण इंग्रजीतले विनोद बघून लोक शिकतात आणि आपलं व्याकरण विसरतात. मराठीत लिंग क्रियापदात उतरतं. 'मान दिला' आणि 'मान मोडली', 'पाठ घेतला' आणि 'पाठ फिरवली', 'हार घातला' आणि 'हार पत्करली', 'नाव ठेवलं' आणि 'नाव बुडाली'. भूतकाळात सकर्मक क्रियापद कर्माच्या मागे जातं, त्यामुळे तोंड उघडल्याबरोबर गुपित फुटतं. म्हणून द्व्यर्थी शब्द कर्म म्हणून येत असेल तर वाक्य वर्तमानकाळात न्या: 'साहेब सगळ्यांचा मान राखतात' यात 'सगळ्यांचा' गुपित फोडतो, पण 'साहेब मान राखून आहेत' यात काही फुटत नाही. आज्ञार्थही चालतो. जुन्या वाड्याच्या बुटक्या दारावर 'मान सांभाळा' अशी पाटी लावली तर ती पाहुण्यालाही लागू आणि जावयालाही. किंवा क्रियापदच गाळा.

पण खरी मजा याच्या पुढे आहे. जे लिंग विनोद मारतं तेच विनोद करूही शकतं. शब्द एकदा, तटस्थ रूपात म्हणायचा आणि दुसरा अर्थ फक्त क्रियापदाच्या शेवटच्या अक्षरानं उघडायचा. निवडणुकीचा निकाल लागला. एकाला हार मिळाला, दुसऱ्याला मिळाली. बस. दुसऱ्यांदा 'हार' म्हणायची गरजच नाही. हे वाक्य इंग्रजीत करता येत नाही, मराठीत ते एका वेलांटीवर उभं राहतं.

याच पद्धतीनं साहेबांची मान दुरुस्त होते. साहेब डॉक्टरकडे गेले. डॉक्टरांनी नेहमीचं विचारलं, "काय, मान वगैरे ठीक?" साहेब म्हणाले, "मिळतो, पण पूर्वीसारखा नाही." डॉक्टर अवयवाचे मालक, साहेब आदराचे. निवृत्तीच्या उंबरठ्यावरच्या माणसाला 'मान' म्हटल्यावर आधी कुठली मान आठवेल हेही त्यात आलं, आणि शेवटी किंचित कीव वाटते ती वेगळीच. डॉक्टरांचं वाक्य बघा: 'मान कशी आहे' असं त्यांनी विचारलं असतं तर 'कशी'नं सगळं सांडलं असतं. 'मान वगैरे ठीक' हे वाक्य डॉक्टरांच्या तोंडी नैसर्गिकही आहे आणि निर्लिंगीही.

सामान्यरूप हा दुसरा खजिना. 'भाऊ' आणि 'भाव' यांची गल्लत कुणी करणार नाही, पण विभक्ती लागली की दोन्ही 'भावा-' होतात: भावाला, भावानं, भावाचा. "यंदा भावानं रडवलं" असं कांदेवाला म्हणाला तर तो घरच्या वाटणीबद्दल बोलतोय की बाजार समितीबद्दल, ते सांगता येत नाही. 'माळा' आणि 'माळी' दोन्ही 'माळ्या-' होतात. घरात कार्य आहे, आजी नातवाला सांगते, "फुलांचं सगळं माळ्यावर टाक, तू नको बघूस." संध्याकाळी फुलं पोटमाळ्यावर सापडतात. मूळ रूपात न सापडणाऱ्या जोड्या अशा विभक्तीत सापडतात. उलटही होतं. 'मान' मूळ रूपात एक, पण 'मानेला' आणि 'मानाला' म्हटलं की वाटा वेगळ्या. शब्द सुचला की आधी तो सगळ्या विभक्त्यांमधून फिरवून बघायचा, ही सवय लावून घ्या. कोशात डोकं घालण्यापेक्षा ती जास्त कामाला येते.

काही शब्दांना मात्र हे काहीच करावं लागत नाही. 'पान' घ्या: झाडाचं, वहीचं, विड्याचं, जेवणाचं, सगळी नपुंसकलिंगी आणि सगळ्यांची रूपं सारखी. "लेखकमहाशयांची रोज दहा पानं होतात." "मग लिहितात कधी?" असे शब्द सोपे वाटतात आणि म्हणूनच घासून गुळगुळीत झालेत. कोळी आणि त्याचं जाळं तसंच; ही जोडी भाषेनंच बांधून ठेवली आहे, सगळ्यांना आधीच दिसते. शिक्षक 'दिन' की 'दीन', हेही आता पुरे झालं.

कान आणि डोळा यांचा हिशेब वेगळा ठेवा. 'दिन' आणि 'दीन' लिहिताना वेगळे, बोलताना एकच. उलट 'जग' लिहिताना एकच, पण दुनिया या अर्थी 'जग'चा ज दंततालव्य आणि पाण्याच्या भांड्याचा ज तालव्य. बोललात की फरक कळतो. "जग जिंकायला गेला आणि स्टीलचा घेऊन आला" हे मोबाइलवर वाचताना हसवेल, माइकवर मरेल. चार-चारा, जरा-जरा असे च-जचे शब्द मंचावर नेण्याआधी मोठ्यानं म्हणून बघा. न आणि ण यांचंही तेच. ज्यांच्या बोलीत 'कोण'चा 'कोन' होतो त्यांच्याकडे भूमितीच्या वर्गात "हा कोन?" या प्रश्नाला मुलाचं नाव उत्तर म्हणून येऊ शकतं. हा विनोद करायचाच असेल तर त्यात मुलगा हुशार ठेवा. बोलीला हसणारा विनोद पुण्या-मुंबईत टाळ्या घेतो आणि अकोल्यात, बीडमध्ये तुमचं नाव कायमचं लक्षात ठेवतात.

वाक्यरचनेचं एक. मराठी वाक्य क्रियापदावर संपतं, त्यामुळे कोटीचा शब्द अनेकदा शेवटून दुसरा येतो आणि त्याच्यामागे 'आहे', 'होतं', 'झालं' असं शेपूट राहतं. लोक हसायला लागतात तेव्हा तुम्ही अजून 'होतं' म्हणत असता. एकतर ते क्रियापद छाटा किंवा वर दाखवलं तसं क्रियापदालाच कामाला लावा. मराठीत शब्द मागेपुढे करायला भरपूर मोकळीक आहे, ती वापरा.

आडनावांवर कोट्या करू नका. गोडबोले आडनावाच्या माणसाला दर संक्रांतीला काय ऐकावं लागत असेल याचा विचार करा. वाघमारे, पोटे, ढोले, सगळ्यांनी आपापल्या आडनावावरचा प्रत्येक विनोद चौथीच्या आत ऐकलेला असतो. तुम्हाला तो आत्ता सुचलाय एवढंच. आणि शब्दविनोद कुणाच्या नावावर खपवूही नका. पु. ल. आणि अत्रे यांच्या नावानं मोबाइलवर फिरणाऱ्या कोट्यांपैकी कितीतरी त्यांच्या वाटत नाहीत; नाव लावलं की सुमार मालही उठतो, म्हणून लावतात.

आता दुसरा प्रश्न, चावटपणाचा. चावट द्व्यर्थी विनोदालाही मालकीचाच नियम लागू आहे, फक्त वाटणी बदलते. साधा अर्थ पात्राचा आणि चावट अर्थ प्रेक्षकाचा. दादा कोंडके (१९३२–१९९८) यांच्याबद्दल नाकं मुरडणारे पुष्कळ होते, पण कारागिरी बघा. सेवादलाच्या कलापथकातून आणि लोकनाट्यातून आलेला हा माणूस पडद्यावर भोळा गावकरी असायचा. वाक्याचा साधा अर्थ पूर्ण, स्वतःच्या पायावर उभा, प्रसंगाला धरून. आणि म्हणणाऱ्याच्या चेहऱ्यावर दुसऱ्या अर्थाची गंधवार्ताही नाही. घाण कुणाच्या डोक्यात आली? बघणाऱ्याच्या. हसू ती चोरी पकडली गेल्याचं असायचं. त्यांची नक्कल करणाऱ्यांनी शब्द उचलले आणि भोळेपणा सोडला. डोळा मारून, भुवया उडवून, संगीताचा ठेका टाकून चावट अर्थ स्वतःच सांगायचा म्हणजे प्रेक्षकाचा हिस्सा काढून घ्यायचा. तेव्हा विनोद संपतो आणि नुसता अश्लीलपणा राहतो. माझी रेघ तिथे आहे: साधा अर्थ काढून टाकल्यावर वाक्य निरर्थक होत नसेल, तर तो साधा अर्थ नुसता बुरखा होता.

गवळणीतली मावशी, लग्नातली विहिणींची गाणी, शिमग्याची बोंब, हे सगळं चावटच आहे आणि त्याला जागा, वेळ आणि संमती आहे. मावशी म्हणून पुरुष उभा असतो हे सगळ्यांना ठाऊक असतं. तिकीट काढून, फडात बसून माणूस ते ऐकायला आलेला असतो. ऑफिसच्या समारंभात यातलं काहीच नसतं. तिथे बसलेल्या सहकारी बाईंना उठून जाता येत नाही, आणि हसल्या नाहीत तर 'विनोदबुद्धी नाही' हेही ऐकावं लागतं. कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धच्या २०१३ च्या कायद्यात लैंगिक सूचक शेरे हे छळाच्या व्याख्येतच येतात. 'मी तर दुसऱ्या अर्थानं म्हणालो' हा बचाव तिथे फारसा उपयोगी नाही. तेव्हा ऑफिसात चावट कोटी शून्य. वाढदिवसाला चार मित्र जमलेत, तिथे तुमचं तुम्ही ठरवा, फक्त जी व्यक्ती समोर उभी आहे तिच्या अंगावरून, लग्नावरून, मूल असण्यानसण्यावरून कोटी नको.

शेवटी सादरीकरणाचं, कारण निम्म्या कोट्या तिथे जातात. द्व्यर्थी शब्दावर जोर देऊ नका. जोर दिला की तुम्ही दुसऱ्या अर्थाकडे बोट दाखवता आणि शोधायचा आनंद ऐकणाऱ्याचा राहत नाही. तो शब्द इतर शब्दांसारखाच, किंबहुना थोडा घाईत म्हणा. थांबायचं ते वाक्य संपल्यावर. थांबल्यावर खरंच थांबा, लोकांना मागे जाऊन शब्द पुन्हा ऐकायला क्षणभर लागतो, आणि तेवढ्यात निवेदक पुढचं बोलायला लागला तर हसू घशातच राहतं. सभागृहात मागच्या रांगांना पोचायला आणखी वेळ लागतो. कोटी पडली तर 'कळलं का?' विचारू नका, समजावू नका, 'जाऊ दे' म्हणू नका, तोच शब्द घेऊन दुसरी कोटी तर अजिबात करू नका. हातातल्या कागदावर पुढचं नाव कुणाचं आहे ते बघा आणि ते वाचा.